एका दिवसाचा खाडा

ग्वाल्हेरातून इंग्रजी दैनिक निघतं असं सांगितलं की बाहेरगावचे पाहुणे आधी हसतात आणि मग विचारतात, "पण वाचतं कोण?" नोकरीच्या पहिल्या दिवशी मीही ऑफिसातल्या काकांना हेच विचारलं होतं. वय बावीस, अक्कल त्याहून कमी. काका रागावले नाहीत. चष्मा कपाळावर सरकवून त्यांनी बोटांवर मोजायला सुरुवात केली. "मुरारला रिटायर्ड फौजी आहेत, ते पहाटे गेटपाशी उभे राहून वाट बघतात. कॉन्व्हेंटच्या मोठ्या सिस्टर आहेत, त्या आपल्या चुकांना लाल खुणा करून मुलींना दाखवतात. थाटीपूरचे डोळ्यांचे डॉक्टर आहेत, ते पेशंटला आपला पेपर वाचायला देतात; वाचता आला तर नंबर बरोबर. आणि एक मी."

"तुम्ही तर इथेच काम करता," मी म्हटलं.

"मग काय झालं? हलवाई जेवत नाही का?"

पडावाच्या बाजूला आमचं ऑफिस. खाली मशीन, वर आम्ही, आणि गच्चीला लागून फाइलींची खोली. दैनिकाचा पहिल्या दिवसापासूनचा एकेक अंक महिन्यामहिन्याने बांधून तिथे ठेवलेला. काका पूर्वी डेस्कवर होते. रिटायर झाले तेव्हा हार घातला, घड्याळ दिलं, रिक्षात बसवून घरी पाठवलं. दुसऱ्या दिवशी नेहमीच्या वेळेला ते सायकलवरून परत हजर, आणि डेस्कवर दुसरा कोणी बसलेला बघून सरळ फाइलींच्या खोलीत जाऊन बसले. कोणाची काही विचारायची छाती झाली नाही. महिन्याभराने मालकांनीच तिथे पंखा लावून दिला.

आम्ही दोघंच तिथे मराठी, म्हणून मी काका म्हणायची. बाकी ऑफिसला ते 'पंडितजी'. राहायचे खासगी बाजारात, एकटे. मूळपुरुष दक्षिणेतून दरबारचा दफ्तरदार म्हणून आलेला. "आमच्या घराण्यात तलवार कोणी धरली नाही," ते सांगायचे. "कागद धरला, तो अजून हातातून सुटून नाही राहिला." आमची ग्वाल्हेरच्या लश्कर भागातली मराठी ही अशीच. पुण्याची माणसं ऐकतात आणि गोड हसतात, आपण लक्ष द्यायचं नाही.

इंग्रजी मात्र काका असं लिहायचे की दिल्लीहून आलेले संपादकसुद्धा त्यांच्या मजकुराला हात लावताना दोनदा विचार करायचे. पण तोंडाने इंग्रजीचा शब्द नाही. एकदा कोणी परदेशी बाई किल्ला बघायला आली आणि वाट वाकडी करून आमचं ऑफिस बघायला आली. तिने काकांना इंग्रजीत पाच प्रश्न विचारले. काकांनी पाचही नीट ऐकले, कागद ओढला, पाचही उत्तरं लिहून तिच्या हातात ठेवली. ती बिचारी त्यांना मुके समजली आणि जाताना हातवारे करून आभार मानून गेली. मी म्हटलं, "काका, हे काय हो?" तर म्हणाले, "लिहिण्याच्या भाषेत बोलून तिची नासाडी कशाला करायची?"

दुसरं खूळ म्हणजे आमच्या पेपरावर कोणी खायचं नाही. चार वाजता खालून कचोऱ्या यायच्या, त्या हिंदी पेपरावर पसरायच्या. कोणी नवा पोरगा चुकून आपल्या पेपराचं पान ओढायला गेला की काका ओरडायचे, "अरे भाई, उस पर नहीं! वो छपा हुआ है!" जणू काही हिंदी पेपर कोरे निघतात.

आणि तिसरं, आजचा पेपर ते आज वाचायचे नाहीत. उद्या वाचायचे. "आज वाचून काय कळणार? पाऊस येणार लिहिलंय, आला की नाही ते उद्या कळतं. मंत्री येणार लिहिलंय, आला का? उद्या हातात घेतला की किती खरं निघालं ते दिसतं." दुसऱ्या दिवशी ते पेन्सिल घेऊन बसत आणि खोटं ठरलेल्या प्रत्येक ओळीला बारीक टिंब देत. काही पानांवर गोवर आल्यासारखं दिसायचं.

मला वाटायचं, म्हाताऱ्याला वेळ जात नाही म्हणून चाललंय. तसं नव्हतं. ते दैनिकाचा इतिहास लिहून राहिले होते.

हा इतिहास लिहायला त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. अकरा वर्षं ते लिहीत होते, बातम्यांच्या जुन्या प्रिंटआउटच्या पाठकोऱ्या बाजूवर. त्यात मालकांच्या आजोबांनी लग्नपत्रिकांच्या छापखान्यातून इंग्रजी पेपर काढला तिथपासूनची सगळी हकिकत होती. पण इतिहासात असतं तसं काही नव्हतं. एक प्रकरण उन्हावर होतं, जूनमध्ये शाई कशी पातळ होते आणि फोटोतली माणसं कशी काळी पडतात. एक कागदाच्या गोदामातल्या मांजरांवर. एक, ज्या पुढाऱ्यांनी दम देऊन बातम्या मागे घ्यायला लावल्या त्यांच्यावर, आणि त्या बातम्या पुढे कशा खऱ्या निघाल्या यावर. मंत्र्यांबरोबर मालकांचे फोटो कुठेच नव्हते.

मग दैनिकाची पंचाहत्तरी आली. आमचे मालक, त्यांना सगळे भैयाजी म्हणतात, माणूस तसा भला. त्यांना समारंभात प्रकाशित करायला पुस्तक हवं होतं आणि पुस्तक तर गच्चीवर तयार पडलेलं. ते वर आले, चार पानं चाळली, म्हणाले, "पंडितजी, यही छपेगा। आपके नाम से।" त्या दिवशी काकांनी दोन कचोऱ्या खाल्ल्या. हस्तलिखित कॉम्प्युटरवर चढवायचं काम माझ्याकडे आलं. अकरा वर्षांची अक्षरं, पेन्सिलीची. वाचता वाचता माझा नंबर वाढला.

कॉपी करताना तारखा तपासायला मी फाइली उघडायची. एका महिन्याच्या गठ्ठ्यात, साधारण तीस वर्षांपूर्वीच्या, सगळे अंक पिवळे आणि मधे एकच अंक पांढरा. कागद जाड, गुळगुळीत. पान दोन तुकड्यांत छापून मधे चिकटवलेलं. मी काकांना हाक मारली, "काका, हा दिवस इतका पांढरा कसा हो?"

काका खिडकीत होते. वळले नाहीत. "तो लग्नपत्रिकेचा कागद आहे," म्हणाले. "सातवं प्रकरण आलं का तुझं? नाही ना? ये मग तिथपर्यंत. तिथे लिहिलंय सगळं."

मी कसली थांबते! तिथेच बसून सातवं प्रकरण काढून वाचलं.

खाली जुनं मशीन होतं तेव्हाची गोष्ट. ते चालवायचे खाँसाहेब. ग्वाल्हेरात खाँसाहेब म्हटलं की लोकांना वाटतं गवई असणार. हे मशीनमन होते. मशीन इतकं जुनं की त्यांच्याशिवाय कोणाच्या हाताने सुरूच व्हायचं नाही. एका संध्याकाळी पानं लावून झाली, खाँसाहेब पट्ट्याला तेल द्यायला वाकले आणि उठलेच नाहीत. काका तेव्हा डेस्कवर होते, आणि त्या दिवशी त्यांच्या वर कोणी नव्हतं. मालक, म्हणजे भैयाजींचे वडील बाबूजी, भोपाळला गेलेले. खालची माणसं वर येऊन काकांकडे बघत उभी राहिली. काकांनी सांगितलं, "जा सगळे त्यांच्याबरोबर. उद्या पेपर नाही." स्वतःही गेले, कब्रस्तानापर्यंत. दुसऱ्या दिवशी पेपर निघाला नाही; त्यापुढचे काही दिवस दुसऱ्याच्या छापखान्यातून छापून आणला.

आता यात विशेष काय, असं कोणालाही वाटेल. पण आमच्या दैनिकाच्या नावाखाली पहिल्या दिवसापासून एक ओळ छापतात, इंग्रजीत, आजही छापतात: एकही दिवस खाडा नाही. त्या ओळीवर बाबूजींचा जीव. शिवाय सरकारी जाहिराती मिळायला रोजचा अंक दाखवावा लागतो. चार दिवसांनी बाबूजी परत आले, काकांना बोलावलं आणि म्हणाले, "तूने बंद किया, तू ही निकाल।" फाइलीला आणि सरकारला लागतील तेवढ्याच प्रती, होऊन गेलेल्या दिवसाच्या. मोठं मशीन चालवायला माणूस नाही, म्हणून पत्रिकांच्या मशीनवर, पत्रिकांच्या कागदावर.

आणि काकांनी तो अंक काढला. होऊन गेलेल्या दिवसाचा पेपर चार दिवसांनी बसून लिहिला.

"काय सांगू तुला," ते मागून म्हणाले. मी वाचत असताना ते केव्हा खुर्ची ओढून बसले ते कळलंच नव्हतं. "असा पेपर पुन्हा निघाला नाही. हवामान लिहिलं, बरोबर तेवढंच तापमान. वीज कुठल्या मोहल्ल्यात कधी जाणार, बरोबर तेव्हाच. एक व्याख्यान जाहीर होतं ते ऐन वेळी रद्द झालं होतं, म्हणून मी छापलंच नाही. रेल्वे किती उशिरा येणार तेसुद्धा आधीच छापलं! पेन्सिल घेऊन बस, एक टिंब देता येणार नाही."

मी हसले. खरंच हसू आलं.

"सगळं खरं आहे त्यात," काका म्हणाले. "फक्त खाँसाहेब मेले एवढं नाही. कसं घालणार? ते मेले असं छापलं तर मशीन चालवलं कोणी? त्या पेपराप्रमाणे ते त्या दिवशी जिवंत आहेत आणि कामावर आहेत. पुढे कधीही घातलं तरी तारीख द्यावी लागली असती. म्हणून घातलंच नाही. वीस वर्षं मशीन चालवलं माणसाने, ऑफिसच्या शिपायाची सासू गेली तरी आपण चार ओळी देतो, आणि त्यांची एक ओळ नाही. मी लिहिला तो अंक. माझ्या हाताने."

हे सांगताना आवाज चढला नाही की पडला नाही. पण सगळा इतिहास त्यांनी सातव्या प्रकरणातल्या या चार पानांसाठी लिहिलाय हे मला तेव्हा कळलं. बाकीची मांजरं, शाई आणि पुढारी या पानांच्या सोबतीला होते.

भैयाजींनी प्रकरण वाचलं आणि वर आले. हात जोडूनच बोलले. "पंडितजी, ये चार पन्ने रहने दीजिए। बाबूजी की बात है। और ऊपर वो लाइन रोज़ छपती है, लोग क्या कहेंगे?"

"तो फिर मत छापिए," काका म्हणाले.

"चार पन्ने?"

"किताब।"

भैयाजी खाली गेले. संध्याकाळी त्यांनी मला बोलावलं. पुस्तकाची फाइल माझ्याकडे होती. ते म्हणाले, बुजुर्ग आदमी हैं, ज़िद कर रहे हैं, ग्यारह साल की मेहनत पानी में जाएगी, तुम समझदार हो. मी समजदार होते. ती चार पानं मी काढली. माझ्या हाताने, दोन मिनिटांत, आणि कडेची वाक्यं अशी जुळवली की सांधा दिसू नये. कोणी माझ्या डोक्याला पिस्तूल लावलं नव्हतं. घरी जाताना मी स्वतःला सांगितलं की काकांचं पुस्तक यावं म्हणून केलं. ते अर्धं खरं होतं. नोकरी होती, हे दुसरं अर्धं.

समारंभ झाला. शाल, श्रीफळ, काकांचं नाव मोठ्या अक्षरात. काकांना वाटलं असावं की भैयाजींनी ऐकलं. ते धुतलेला कोट घालून आले होते. स्टेजवर पुस्तक हातात दिलं तेव्हा त्यांनी तिथेच उभ्या उभ्या सातवं प्रकरण उघडलं. लोक टाळ्या वाजवत होते. त्यांनी पान उलटलं, परत उलटलं, मिटलं. खाली आल्यावर माझ्याजवळून जाताना म्हणाले, "छपाई चांगली झाली आहे." बस. शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं. दुसऱ्या दिवशीपासून ते माझ्याशी अगदी पूर्वीसारखं बोलायला लागले, कचोरी मागवली का, पंखा बंद कर, आणि मला खोलीत बसवेनासं झालं.

जानेवारीचे दिवस होते. शेवटच्या पानावर निधनाच्या चार-चार ओळींचा रकाना असतो, तो भरायचं काम कोणाला आवडत नाही, म्हणून काकांकडेच राहिलं होतं. संध्याकाळी सहाला ते पान डेस्कवर यायचं; डेस्कवर असेल त्याने वाचून सही केल्याशिवाय पान खाली छापायला जात नाही. त्या दिवशी डेस्कवर मी होते.

रकान्यात पाच नावं. चार नेहमीची. पाचवं खाँसाहेबांचं, वडिलांच्या नावासकट. खाली काकांच्या त्या स्वच्छ इंग्रजीत: राहणार हजिरा, या दैनिकाचे मशीनमन, अमुक तारखेला कामावर असताना निधन. तारीख तीस वर्षांपूर्वीची, खरी. त्यापुढे, 'त्यांच्या निधनामुळे दुसऱ्या दिवशीचा अंक निघू शकला नाही. जागेअभावी हे वृत्त देण्यास विलंब झाला, त्याबद्दल दिलगीर आहोत.'

मी दोनदा वाचलं. पहिल्या पानाचा प्रिंट शेजारीच होता, नावाखाली ती ओळ ठळक छापलेली. वर बघितलं तर काका दारात उभे. मी 'काढू का?' असं विचारेन याची वाट बघत होते की काय कोण जाणे. मला भीती वाटत होती, हे कबूल करते. मी सही केली, तारीख घातली आणि पान शिपायाच्या हातात दिलं. काका वर निघून गेले.

दुसऱ्या दिवशी अकरा वाजता भैयाजींनी बोलावलं. पेपर समोर पसरलेला.

"ये आपने पास किया?"

"जी."

"पढ़ के?"

"जी, पढ़ के."

त्यांनी त्या चार ओळी बोट ठेवून पुन्हा वाचल्या. मी मनातल्या मनात दुसरी नोकरी शोधायला लागले होते. मग ते म्हणाले, "किसी का फ़ोन आया?"

"नहीं."

"एक भी नहीं?"

"एक भी नहीं, भैयाजी."

त्यांनी पेपराची घडी घातली. "मुझे कंधे पर बिठा के मशीन दिखाते थे खाँसाहब," ते म्हणाले. "जाइए, काम कीजिए." त्यानंतर तो विषय त्यांनी कधी काढला नाही. नावाखालची ओळही काढली नाही. ती अजून आहे.

मी हे काकांना सांगायला वर गेले तर खोली रिकामी. खिडकीतून खाली बघितलं. मशीनच्या मागे अंगणात हापसा आहे, तिथे काका बादली भरून राहिले होते. कोट आणि स्वेटर काढून भिंतीवर ठेवलेले, अंगात नुसता सदरा. ऊन होतं पण नावाला. ग्वाल्हेरचा जानेवारी ज्याने पाहिला त्याला सांगायला नको. मी धावत खाली गेले.

"काका, काय करून राहिलात? मरायचंय का?"

"आंघोळ," ते म्हणाले. "बातमी आली ना आज. वर्ष उलटल्यावर निधनाची बातमी कळली तर सुतक नसतं, नुसती आंघोळ असते. विचार तुझ्या आईला."

"पण तुम्हाला कळलं नव्हतं का? तुम्ही तर कब्रस्तानापर्यंत गेला होतात!"

"गेलो होतो. आणि चार दिवसांनी येऊन ते जिवंत आहेत असं छापलं. मग कुठल्या तोंडाने आंघोळ करणार होतो? चल, हापस. माझ्याने होऊन नाही राहिलं."

मी हापसत राहिले आणि ते तांब्याने डोक्यावरून पाणी घेत राहिले, सदऱ्यासकट, दात वाजताहेत तरी. ओठ हलत होते. मंत्र होता की नाव, ते पंपाच्या आवाजात ऐकू आलं नाही. मशीनवरची दोन-चार पोरं बाहेर येऊन बघत उभी राहिली. बादली संपली तेव्हा काकांनी तोंडावरून हात फिरवला आणि माझ्याकडे बघितलं. त्या समारंभानंतर पहिल्यांदा नीट बघितलं.

"तुझ्या सहीने गेली बातमी," म्हणाले. "तुला पण आहे आंघोळ. इथे नको, घरी जाऊन कर. गरम पाण्याने केलीस तरी चालेल."

मी सुट्टी टाकून घरी गेले. आईने भर दुपारी मला डोक्यावरून पाणी घेऊन बाहेर येताना बघितलं आणि तिच्या हातातली परातच खाली गेली. "अगं बाई, कोण गेलं?"

"आमच्या ऑफिसातले मशीनवाले खाँसाहेब," मी म्हटलं.

"कधी?"

मी टॉवेलात तोंड घातलं आणि रडायला लागले. ज्या माणसाला मी कधी पाहिलंसुद्धा नव्हतं त्याच्यासाठी, आणि त्या चार पानांसाठी. आई जवळ येऊन पाठीवर हात फिरवत राहिली आणि परत परत विचारत राहिली, "पण कधी गेले गं? काल तर काही बोलली नाहीस."